मेक्सिको सिटीच्या भिंती आणि वर्ध्याचे खानखोजे

मेक्सिको सिटीच्या जुन्या भागात भित्तिचित्रांची पायी सहल घेतली, की निम्मा वेळ चित्रकार फ्रीडा काहलोच्या संसारात जातो. भित्तिचित्रकार दिएगो रिव्हेराशी तिने दोनदा लग्न केलं, त्याची आणखी कोणाकोणाशी प्रकरणं होती, तो केवढा अगडबंब होता, हे सगळं ऐकायला मिळतं. समोरच्या भिंतीवर चुना आणि रंग यांचं काय नातं आहे, हे मात्र खोदून विचारल्याशिवाय कोणी सांगत नाही. आमच्या गाईडबाई निदान गिलाव्यापुरत्या अपवाद निघाल्या, म्हणून आधी गिलावा, आणि मग रिव्हेराने एका भिंतीवर बसवलेले वर्ध्याचे खानखोजे.

सहल सान इल्देफोन्सोपासून सुरू करावी. सोकालो मेट्रो स्थानकातून वर आलं की कॅथीड्रलच्या मागच्या बाजूला ही जुनी जेझुइट विद्यालयाची इमारत आहे. मेक्सिकन क्रांतीची धुमश्चक्री शमल्यावर राष्ट्राध्यक्ष ओब्रेगोनच्या सरकारात होसे वास्कोन्सेलोस शिक्षणमंत्री झाले आणि त्यांनी सरकारी भिंती चित्रकारांच्या हवाली केल्या. रिव्हेराचं पहिलं भित्तिचित्र, ‘ला क्रेआसिओन’, इथल्या सभागृहात आहे. ते ओल्या चुन्यावरचं नाही. रंग मेणात आणि राळेत कालवायचे, गरम असतानाच लावायचे आणि वरून ज्योत फिरवून भिंतीत मुरवायचे, असा तो प्रकार. १९२२ ते १९२३ एवढा काळ या एका चित्रात गेला. या गतीने सरकारच्या इमारती रंगवून होणं शक्य नव्हतं. त्याच इमारतीत जाँ शार्लो हा चित्रकार जिन्याजवळची भिंत ओल्या चुन्यावर रंगवत होता, आणि पुढे रिव्हेराही त्याच वाटेला गेला. सभागृहात कार्यक्रम असेल तर दार बंद असतं, तेव्हा आल्या आल्या आधी तिकडे डोकावावं.

ओल्या गिलाव्यावरचं काम, म्हणजे फ्रेस्को, असं चालतं. भिंतीवर आधी चुना आणि जाड वाळूचे थर द्यायचे. शेवटचा पातळ थर चुना आणि संगमरवराच्या भुकटीचा. चुना विरवून महिनोन्‌महिने पाण्याखाली मुरवलेला हवा. घाईचा चुना वापरला तर न विरलेले खडे नंतर गिलाव्यात फुगतात आणि रंगासकट टवके उडतात. एका दिवसात रंगवून होईल तेवढ्याच तुकड्यावर शेवटचा थर चढवायचा. रिव्हेराचे गवंडी हे काम रात्री उरकत, म्हणजे उजाडताच त्याला ब्रश उचलता येई. रंग नुसत्या पाण्यात घोटलेले, डिंक नाही, सरस नाही. चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड ओढून घेत पुन्हा दगड होतो आणि रंग त्या दगडात अडकतो.

वेळेचं गणित इथे फार कडक. गिलावा अगदी ओला असला तर ब्रशाबरोबर उखडतो. काही तासांनी तो पाणी पिणं थांबवतो, आणि त्यानंतर लावलेला रंग वरच्यावर बसतो, पुढे भुकटी होऊन हाताला लागतो. चूक पुसता येत नाही, तेवढा गिलावा खरवडून नवा चढवावा लागतो. शिवाय ओला रंग गडद दिसतो आणि वाळल्यावर फिका पडतो, तेव्हा कालची छटा आज जुळवायची ती अंदाजानेच. रंगही चुन्याला पुरून उरणारे लागतात: गेरू, पिवळी माती, लोहाचे आणि कोबाल्टचे रंग. वनस्पतीचे बरेच रंग चुना खाऊन टाकतो.

हे सगळं भिंतीवर वाचता येतं. चित्रासमोर नाही, भिंतीला लागून उभं राहायचं आणि तिरप्या उजेडात नजर भिंतीवरून सरकवायची. टोपीच्या कडेने, खांद्याच्या रेषेवरून जाणारे बारीक सांधे दिसतात. एकेक सांधा म्हणजे एकेका दिवसाच्या कामाची हद्द. सकाळचा उजेड याला बरा. टॉर्च किंवा फ्लॅश काढला की पहारेकरी धावत येतात, आणि ते बरोबरच करतात. आपल्याकडे अजिंठ्यालाही सर्रास फ्रेस्को म्हणतात, पण तिथलं काम कोरड्या मातीच्या गिलाव्यावरचं. जात वेगळी, दुखणीही वेगळी.

सान इल्देफोन्सोत मन रमतं ते मात्र ओरोस्को या दुसऱ्या भित्तिचित्रकारापाशी. १९२४ मध्ये विद्यार्थ्यांनी इथल्या चित्रांची नासधूस केली, ओरोस्को आणि त्याच्याच काळातला चित्रकार सिकेरोस, दोघांचं काम थांबलं. १९२६ मध्ये ओरोस्को परत आला आणि स्वतःचीच आधीची काही चित्रं काढून टाकून त्याने नवी रंगवली. ‘ला त्रिन्चेरा’तले ते खंदकातले तिघे बघा, एकाचाही चेहरा धड दिसत नाही. रिव्हेरा सगळं समजावून सांगतो, ओरोस्को काही सांगत बसत नाही. माझं मत ओरोस्कोला.

आता मुख्य मुक्काम. तिथून दोन-तीन मिनिटांवर, रेपुब्लिका दे आर्खेन्तीना रस्त्यावर शिक्षण मंत्रालयाची जुनी इमारत आहे. २०२४ पासून तिथे भित्तिचित्रांचं संग्रहालय आहे. प्रवेश फुकट, सोमवारी बंद. रिव्हेरा इथे १९२३ ते १९२८ राबला. पुढचं अंगण श्रमाचं, मागचं मोठं अंगण सणांचं. पुढच्या अंगणाच्या कोपऱ्यांवर वास्कोन्सेलोसनी ग्रीस, स्पेन, मेक्सिको आणि भारत यांची प्रतीकं दगडात कोरवून घेतली, भारतासाठी बुद्ध. मान वर केली तरच दिसतात, सहलीतले लोक खाली फोन बघत असतात.

तळमजल्यावर खाणीतून बाहेर पडणारा मजूर आहे. हात आडवे पसरून उभा, मुकादम त्याची झडती घेतोय. इथल्या एका चित्रावर एका कवितेच्या ओळी होत्या, त्या ओरड झाल्यावर काढाव्या लागल्या. याच मजल्यावर सुरुवातीच्या काळात रिव्हेराने गिलाव्यात निवडुंगाचा रस मिसळून पाहिला. प्राचीन मेक्सिकन युक्ती म्हणून त्याचा गाजावाजाही झाला. पण रसातला सेंद्रिय भाग कुजला, डाग पडले आणि प्रयोग गुंडाळला गेला. सणांच्या अंगणात शार्लोचंही थोडं काम आहे. त्याचा रिबिनींचा नाच रिव्हेराने आपल्या बाजाराच्या चित्राला जागा हवी म्हणून उडवला, ही गोष्ट गाईड सहसा सांगत नाहीत.

मधल्या मजल्यावर रेंगाळू नका. सगळ्यात वर जा. बहुतेक सहली इथे हात आखडता घेतात: जिने दोन, शहर समुद्रसपाटीपासून सुमारे २,२४० मीटर उंच, गटात धापा टाकणारे दोघे तरी असतात. गेल्याच तर ‘एन एल आर्सेनाल’पाशी थांबतात, कारण तिथे लाल सदऱ्यात बंदुका वाटणारी फ्रीडा आहे. तिच्याबरोबर फोटो झाले की खाली. पैसे भरण्याआधी विचारून घ्या, वरच्या मजल्यावर किती वेळ देणार. पंधरा मिनिटं म्हणाले तर दुसरी सहल शोधा.

कारण त्याच मजल्यावर जेवणाची दोन टेबलं आहेत. एका टेबलाशी रॉकफेलर, मॉर्गन आणि फोर्ड बसलेत, आणि ताटात अन्न नाही, शेअर बाजाराच्या भावांची कागदी पट्टी आहे. दुसरं चित्र ‘एल पान नुएस्त्रो’, म्हणजे आपली भाकरी. इथे साधी माणसं टेबलाभोवती जमली आहेत, मागे डोक्यावर फळांची टोपली घेतलेली बाई उभी आहे, आणि टेबलाच्या अग्रभागी बसून भाकरी मोडून देणारा सावळा माणूस आहे. त्याला आमच्या गाईडबाईंनी ‘एक कामगार’ म्हणून मागे टाकलं. ते डॉ. पांडुरंग सदाशिव खानखोजे. वर्ध्याचे.

टिळकांच्या काळात पेटलेला तरुण, अमेरिकेत गदर पक्षाच्या संस्थापकांपैकी एक, तिथेच शेतकीचं शिक्षण. ब्रिटिशांनी परतीची दारं बंद केली, म्हणून १९२४ मध्ये ते मेक्सिकोला आले आणि चापिंगोच्या शेतकी विद्यालयात शिकवू लागले. मक्याच्या आणि गव्हाच्या वाणांवर काम केलं, शेतकऱ्यांसाठी मोफत शेतकी शाळा काढल्या. त्या शाळांना रिव्हेराचा पाठिंबा होता, आणि खानखोज्यांच्या मक्याचे फोटो छायाचित्रकार तीना मोदोत्तीने काढले. म्हणजे भाकरी मोडायला रिव्हेराने जो माणूस बसवला तो खरोखरच धान्य पिकवण्याच्या खटाटोपातला होता. स्वातंत्र्यानंतर ते भारतात परतले, १९६७ मध्ये नागपुरात वारले. आपल्या शाळेच्या पुस्तकात त्यांना किती ओळी मिळाल्या ते आठवून बघा. इथे त्यांना अख्खी कमान मिळाली आहे आणि खाली नावाची पाटी शोधावी लागते, याची चीड येते. मराठी माणसं बरोबर असतील तर गाईडला थांबवून सांगाच. बाईंनी मुकाट्याने वहीत लिहून घेतलं, हे त्यांच्या बाजूने.

तिथून ईशान्येला काही चौक चाललं की आबेलार्दो रोद्रीगेस बाजार. रिव्हेराच्या देखरेखीखाली त्याच्या शिष्यांनी १९३०च्या दशकात हा रंगवला. मॅरियन आणि ग्रेस ग्रीनवुड या अमेरिकी बहिणी, पाब्लो ओ’हिगिन्स आणि इतर. भाजीचे गाळे, वर धुराने काळवंडलेलं चित्र, कोपऱ्यात ओल आणि लोणा. लोणा म्हणजे भिंतीतलं मीठ पाण्याबरोबर पृष्ठभागावर येऊन स्फटिक बनतं आणि रंगाला आतून ढकलतं. कितीही चांगला गिलावा असो, छत गळलं की संपलं. वर इसामू नोगुचीचं रंगीत सिमेंटचं लांबलचक उठावशिल्प आहे, त्यात आइन्स्टाइनचं सूत्रही कोरलंय. वाट विचारावी लागते, कधी कुलूप असतं. कॅमेरा गळ्यात मिरवू नये, पैसे पुढच्या खिशात.

बेल्यास आर्तेस या कलाप्रासादाला गर्दी आणि रांग. न्यूयॉर्कच्या रॉकफेलर सेंटरमध्ये त्यातल्या लेनिनच्या चेहऱ्यापायी फोडलं गेलेलं चित्र रिव्हेराने १९३४ मध्ये इथे पुन्हा रंगवलं आणि सूड म्हणून धाकट्या रॉकफेलरला दारूच्या मैफलीत बसवलं. सिकेरोसचं काम मोटारीला मारतात त्या जातीच्या रंगाचं, म्हणून इतकं चकाकतं.

शेवटी आलामेदा बागेच्या पश्चिम टोकाचं छोटं संग्रहालय. तिथे रिव्हेराचं १९४७ चं भित्तिचित्र आहे, ‘रविवारच्या दुपारचं स्वप्न’, मूळ एका हॉटेलातलं. १९८५ च्या भूकंपात हॉटेल मोडलं, चित्र अख्खंच्या अख्खं इकडे हलवलं. समोर बसायची सोय आहे. पायांची आग थांबेपर्यंत बसा. गाईड तोवर टीप घेऊन गेलेले असतात.