पन्नास माद्या, पाच नर आणि एक ना हरकत दाखला

राष्ट्रीय पशुधन अभियानातून वराहपालनाचं प्रकरण करायचं असेल तर पोर्टलला घाबरू नका, ते भरून होतं. ५० माद्या, ५ नर घेतले की भांडवली खर्चाच्या निम्मं, जास्तीत जास्त १५ लाख अनुदान, दोन हप्त्यांत. बँकेने मात्र ग्रामपंचायतीचा ना हरकत दाखला मागितला आणि तिथे गाडं अडलं.

दर मासिक सभेत माझा विषय ‘पुढील सभेत घ्यावा’. कारण विचारलं की ग्रामसेवक खिडकीबाहेर बघणार. मग म्हणाले, शेजाऱ्यांची संमती आणा. आणली. मग म्हणाले, स्टॅम्पपेपरवर हवी. ऑक्टोबर २०२४ पासून शंभराचा स्टॅम्प बंद, म्हणजे प्रत्येक शेजाऱ्यामागे ५०० रुपये! एक काका सही करता करता थांबले, “त्यापेक्षा कोंबे पाळ मरे.” गावात पोल्ट्री आहे, पावसात माश्यांनी जेवण नको होतं, तिच्याबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही. वासाचं नुसतं निमित्त. आम्ही सावंतवाडीकडचे, बांद्याच्या पुढे गेलं की गोवा. तिकडे जाऊन सोरपोतेल आणि चोरीस-पाव, म्हणजे डुकराचंच मांस, चापणारे सदस्यच सभेत सगळ्यात मोठ्याने बोलत होते. मला एवढा त्रास, तर पिढ्यान्‌पिढ्या डुकरं पाळणाऱ्या कैकाडी-वडार वस्तीतल्या माणसाला दाखला कोण देणार?

शेवटी माहितीच्या अधिकारात सगळ्या सभांची इतिवृत्तं मागितली. लगेच ठराव झाला. दाखल्यावर निळ्या पेनाने वाढवलंय : ‘दुर्गंधी आल्यास रद्द’. बँकेला चाललं. तेव्हा अर्ज दिला की पोच घ्याच, शिक्का आणि तारखेसकट. माझा माहिती अर्ज त्या पोचेवरच उभा होता.

मग माद्या आल्या. गाभण काळ साधारण ११४ दिवस. पिल्लांना तिसऱ्या दिवशी लोहाचं इंजेक्शन चुकवू नका. हॉटेलचं खरकटं फुकट मिळतं म्हणून तसंच घालू नका, चांगलं उकळून घ्या. आफ्रिकन स्वाइन फीवर २०२० मध्ये ईशान्य भारतात शिरला, त्यावर आपल्याकडे लस नाही; साध्या स्वाइन फीवरची आहे, ती टोचून घ्या. बाहेरच्या व्यापाऱ्याला शेडमध्ये घेऊ नका, वजनकाटा फाटकाशीच ठेवा.

आणि हो, प्रशिक्षणाचं प्रमाणपत्र अर्जाच्या आधीच काढा, पोर्टल ते मागतं.