अल्बम ग्रंथालयाला, रेकॉर्डी पुतण्याला

फोंडा तालुक्यातील एका निवृत्त शिक्षकांनी आपल्या पश्चात घरातील वस्तू कोणी न्याव्यात, हे एका फुलस्केप कागदावर स्वच्छ अक्षरात लिहून ठेवले होते. त्यातले एक वाक्य असे होते : "अल्बम संगीत ग्रंथालयाला द्यावेत, रेकॉर्डी पुतण्याने न्याव्यात." ज्या ग्रंथालयाचा त्यात उल्लेख होता, तेथे मी सूचिकार म्हणून काम करते. घरच्यांचा निरोप आला तेव्हा खोकी, सुतळी आणि दाखल नोंदवही घेऊन आम्ही दोघे गेलो. सामान मोजायचे, पावती द्यायची आणि दुपारपर्यंत परत यायचे, एवढेच काम आहे असे आम्ही धरून चाललो होतो.

घरात मास्तरांच्या पत्नी, ज्यांना आम्ही सगळे काकी म्हणत होतो, पुण्याहून आलेला मुलगा आणि म्हापशाहून आलेला पुतण्या अशी तीन माणसे होती. आम्ही अल्बमसाठी आलो आहोत म्हटल्यावर काकींनी आतल्या खोलीतून लग्नामुंजीच्या फोटोंचे अल्बम आणून समोर ठेवले. "बाय, हे सगळे नेणार तुम्ही?" हे विचारताना त्यांचा आवाज किंचित कापला, म्हणून मी प्रथम तेच स्पष्ट केले, की संगीत ग्रंथालयाला फोटो नकोत आणि मास्तरांच्या मनातही ते नसणार. ते अल्बम लगेच आत गेले. खरा प्रश्न बैठकीतल्या लाकडी कपाटाशी उभा राहिला.

कपाटाच्या वरच्या खणात लाँग प्ले रेकॉर्डी होत्या, मधल्या खणात पुठ्ठ्याच्या जाड बांधणीची, मोठ्या वह्यांसारखी दिसणारी बाडे उभी लावलेली होती आणि खालच्या खणात मिनिटाला ७८ फेऱ्यांच्या सुट्या रेकॉर्डी कागदी पाकिटांत होत्या. मुलाच्या मते अल्बम म्हणजे वरचा खण, कारण एका नावाखाली निघालेली आठ-दहा गाणी म्हणजे अल्बम, असेच तो लहानपणापासून ऐकत आला होता. पुतण्याचे म्हणणे वेगळे होते. अल्बम म्हणजे मधल्या खणातली ती बाडे, हे त्याला मान्य होते, पण बाडे म्हणजे पुठ्ठा आणि पाकिटे. आतल्या तबकड्या तर रेकॉर्डीच आहेत, तेव्हा त्या काढून त्याला द्याव्यात आणि रिकामी बाडे ग्रंथालयाने न्यावीत, असा त्याचा अर्थ होता. तो हे लोभाने बोलत नव्हता. काकांच्या मांडीवर बसून त्याने त्या रेकॉर्डी ऐकल्या होत्या आणि त्या जपण्याची त्याची तयारी होती.

दोघांच्याही म्हणण्याला आधार होता, आणि तो या शब्दाच्या प्रवासातच आहे. प्राचीन रोममध्ये आल्बुम म्हणजे जाहीर सूचना लिहिण्यासाठीचा पांढरा फलक. लॅटिनमध्ये आल्बुस म्हणजे पांढरा. सोळाव्या शतकात जर्मन विद्यापीठांतले विद्यार्थी कोऱ्या पानांची वही बाळगून तिच्यात मित्रांच्या व गुरुजनांच्या हातचे चार शब्द लिहून घेत आणि त्या वहीलाही हेच नाव होते. पुढे चित्रे, तिकिटे, फोटो चिकटवण्याच्या वह्या त्याच नावाने ओळखल्या जाऊ लागल्या. ग्रामोफोनच्या काळात दहा इंची तबकडीच्या एका बाजूला साधारण तीन मिनिटे आणि बारा इंचीला चार-साडेचार मिनिटेच मावत असत, त्यामुळे मोठी रचना अनेक तबकड्यांवर तोडावी लागे. ओडियन कंपनीने १९०९ साली चायकोव्हस्कीची 'नटक्रॅकर' संगीतमाला चार तबकड्यांच्या संचात काढली, ती या प्रकारच्या सुरुवातीच्या उदाहरणांत गणली जाते. असे संच पुढे वहीसारख्या बांधणीत, प्रत्येक पानाचे एक पाकीट करून विकले जाऊ लागले, शिवाय ग्राहकाने आपल्या तबकड्या आपणच लावाव्यात म्हणून कोरी बाडेही मिळत. दोन्हींना अल्बमच म्हणत. १९४८ साली कोलंबिया कंपनीने ३३⅓ फेऱ्यांची लाँग प्ले रेकॉर्ड बाजारात आणली आणि पूर्वी चार-पाच तबकड्यांना लागणारा मजकूर एकाच तबकडीवर बसला. पाने गेली, बांधणी गेली, पण नाव मात्र त्या एकट्या तबकडीला चिकटून राहिले.

म्हणजे मुलगा १९४८ नंतरच्या अर्थाने बोलत होता आणि पुतण्या त्याआधीच्या. आजच्या इंग्रजी वापरानुसार मुलाचीच बाजू भक्कम ठरली असती. पण एखाद्याच्या पत्रातला शब्द शब्दकोशातून नव्हे, तर त्याच्याच इतर लिखाणातून लावला पाहिजे, असे माझे ठाम मत आहे. म्हणून मी काकींना विचारले, की मास्तर खरेदीची नोंद ठेवत का. त्यांनी देवघराच्या फडताळातून जमाखर्चाची लाल कापडी वही आणून दिली.

त्या वहीत मास्तरांनी तीन शब्द वेगवेगळे राखले होते. एकेरी तबकडी विकत घेतली की "रेकॉर्ड १" असे, लाँग प्ले घेतली की "एल. पी. रेकॉर्ड" असे, आणि काही वर्षांच्या अंतराने मधूनमधून "अल्बम, कोरा, बारा पाकिटांचा" अशी नोंद. एका ठिकाणी "अल्बम, सिंफनी, पाच रेकॉर्डी" असेही होते आणि पुढे लिहिले होते, की शेजारचे कुटुंब लिस्बनला जाताना त्यांच्याकडून घेतला. लाँग प्लेला त्यांनी एकदाही अल्बम म्हटलेले नव्हते. मुलाने दोन-चार पाने उलटून पाहिली आणि वरचा खण चुलतभावाचा, हे स्वतःहून मान्य केले.

पुतण्याचा मुद्दा मात्र वहीने सुटला नाही. कोऱ्या अल्बमची किंमत वेगळी आणि रेकॉर्डीची वेगळी लिहिलेली असेल, तर दोन्ही वस्तू वेगळ्याच ठरतात, असे तो म्हणाला आणि त्यात तथ्य होते. "ताई, पाकिटातून काढली की ती रेकॉर्डच ना?" असे त्याने मला सरळ विचारले. मग मी मधल्या खणातले पहिले बाड काढून टेबलावर उघडले.

कण्यावर सोनेरी अक्षरांचा मागमूस होता आणि त्याखाली चिकटपट्टीवर निळ्या शाईत "अल्बम क्र. १" असे लिहिले होते. पुठ्ठ्याच्या आतल्या बाजूस अनुक्रमणिका होती. पाकीट क्रमांक, राग, गायक आणि सर्वांत उजवीकडे 'प्रहर' असा एक रकाना. पहिल्या पाकिटात ललत, दुसऱ्यात तोडी, मग दुपारचे राग, संध्याकाळचे, रात्रीचे, पुढे मालकंस आणि अखेरच्या पाकिटात भैरवी. केसरबाई केरकर, मोगूबाई कुर्डीकर आणि मास्टर दीनानाथ अशी या मातीतली नावे मधूनमधून होती, कंपन्यांची लेबले वेगवेगळी होती, तबकड्यांचे क्रमांक एकमेकांशी कसलेही नाते सांगत नव्हते. भैरवी हा तसा सकाळचा राग, पण मैफल तिनेच संपवण्याची आपली रीत आहे आणि मास्तरांनी ती रीत पाळली होती. वेगवेगळ्या वर्षी, वेगवेगळ्या दुकानांतून घेतलेल्या बारा तबकड्यांची त्यांनी एक मैफल लावली होती. कोऱ्या वहीत आपल्या निवडीने भर घालायची, हा त्या शब्दाचा जुना अर्थ त्यांनी कोठे वाचला होता की नाही, मला ठाऊक नाही, पण त्यांनी केले होते ते नेमके तेच.

माझ्या सहकाऱ्याने दुसरे बाड काढले. ते नाट्यपदांचे होते आणि त्यात पदे नाटकातल्या क्रमाने लावलेली होती. तिसरे पाहिले, तर ते सिंफनीचे, कंपनीनेच बांधून विकलेले. त्यातली पहिली तबकडी पुतण्याने हातात घेतली आणि उलटून पाहिली. एका बाजूस १, दुसऱ्या बाजूस १०. "ही चुकीची छापली आहे," तो म्हणाला. ती चूक नव्हती. आपोआप तबकडी बदलणाऱ्या यंत्रासाठी संच असे काढत. पाच तबकड्या एकावर एक अशा पडत, पहिल्या पाच बाजू क्रमाने वाजत, मग संपूर्ण गठ्ठा उलटा करून पुन्हा चढवला की सहापासून दहापर्यंतच्या बाजू वाजत. म्हणून पहिलीच्या पाठीवर १०, दुसरीच्या पाठीवर ९, असे शेवटपर्यंत. यातली एक तबकडी सुटी नेली, तर सिंफनीचे दोन तुकडे जातात, आणि तेही बहुतेक वेळा एकमेकांपासून दूरचे.

हे पाहिल्यावर पुतण्या बराच वेळ काही बोलला नाही. त्याने क्रमांक एकचे बाड पुन्हा ओढून घेतले, अनुक्रमणिकेवर बोट ठेवत ठेवत पाकिटे तपासली आणि प्रत्येक तबकडी आपल्या जागी आहे याची खात्री करून घेतली. मग तो म्हणाला, "या काढता येणार नाहीत." वाटणी ठरली ती अशी, की बाडे आतल्या तबकड्यांसह ग्रंथालयाकडे, लाँग प्ले आणि खालच्या खणातल्या सुट्या रेकॉर्डी पुतण्याकडे. त्याने एक अट घातली आणि ती रास्तच होती. बाडांतल्या आणि त्याच्याही तबकड्यांची डिजिटल प्रत आम्ही त्याला करून द्यायची.

काम त्या दिवशीच संपले असते, तर मी कदाचित हे लिहिलेही नसते. ग्रंथालयात आल्यावर प्रथम आमच्या नेहमीच्या पद्धतीचा प्रश्न आला. ७८ फेऱ्यांच्या तबकड्या आम्ही जुन्या पाकिटांतून काढून आम्लविरहित कागदाच्या पाकिटांत ठेवतो आणि कंपनीच्या क्रमांकानुसार लावतो. गोव्याच्या पावसाळ्यात जुना पुठ्ठा बुरशी धरतो, त्यामुळे ही पद्धत योग्यच आहे. तबकड्या लाखेच्या मिश्रणाच्या असतात आणि लाख अल्कोहोलमध्ये विरघळते, म्हणून त्या स्पिरिटने कधीच पुसायच्या नाहीत. ऊर्ध्वपातित पाण्यात सौम्य साबणाचे दोन थेंब आणि मऊ ब्रश, तोही लेबल कोरडे राखून. एवढे सगळे आम्ही केले, पण क्रम मात्र बाडाचाच ठेवला. प्रत्येक नव्या पाकिटावर बाडाचा आणि पाकिटाचा क्रमांक लिहिला, रिकामे झालेले बाड वाळवून, अनुक्रमणिकेचे छायाचित्र घेऊन त्याच पेटीत ठेवले, आणि दाखल नोंदवहीत बारा तबकड्यांना बारा नव्हे तर एकच दाखल क्रमांक दिला, उपक्रमांकांसह. सुटी तबकडी शोधणाऱ्याला ती उपक्रमांकाने सापडते आणि मैफल शोधणाऱ्याला मैफल. मोजणीत आमचा आकडा लहान दिसतो, याची मला फिकीर वाटत नाही.

खरी अडचण डिजिटल प्रतींच्या वेळी आली. ध्वनिफायलीत माहिती भरण्याची जी पद्धत १९९६ पासून रूढ झाली, तिच्यात गाण्याचे नाव आणि कलाकार यांच्या जोडीला 'अल्बम' हा रकाना असतो. आपल्याकडे चित्रपटगीत असेल, तर लोक तेथे चित्रपटाचे नाव घालतात. गोव्यात भजनांचा किंवा कोकणी गाण्यांचा अल्बम काढला, असे म्हणताना आज चित्रफीतही त्यातच धरतात, आणि त्या वापरात मला काहीही वावगे वाटत नाही. पण १९३० च्या दशकातल्या एका सुट्या तबकडीला अल्बमच नव्हता. तेथे काहीतरी रचून लिहिणे म्हणजे खोटी नोंद करणे. म्हणून बाडांतल्या ध्वनिमुद्रणांसाठी मी त्या रकान्यात मास्तरांच्याच शब्दांत 'अल्बम क्र. १', 'अल्बम क्र. २' असे भरले आणि पाकिटांचा क्रम तोच गाण्यांचा क्रम ठेवला. पुतण्याच्या सुट्या तबकड्यांसाठी रकाना रिकामा सोडला.

थोड्याच दिवसांनी त्याचा फोन आला. बाडे त्याच्या मोबाइलवर मास्तरांनी लावलेल्या क्रमाने वाजत होती, ललतपासून भैरवीपर्यंत. पण सुट्या सगळ्या तबकड्या, गायक कोणी का असेना, 'अज्ञात अल्बम' या एकाच नावाखाली गोळा झाल्या होत्या, आणि ते त्याला खटकत होते. मी त्याला दोन पर्याय सांगितले. एक, लेबलावरचा कंपनीचा तबकडी-क्रमांक त्या रकान्यात घालायचा, म्हणजे प्रत्येक तबकडीच्या दोन बाजू एकत्र दिसतील. दुसरा, त्या त्याने स्वतः ऐकून, स्वतःच्या क्रमाने लावायच्या. त्याने आधी पहिला पर्याय करून मागितला, तो मी करून दिला. सोबत एक कोरा तक्ताही पाठवला, मास्तरांच्या अनुक्रमणिकेसारखाच, पाकीट क्रमांक, राग, गायक आणि प्रहर अशा चार रकान्यांचा. त्यात आतापर्यंत त्याने सात नोंदी भरल्या आहेत, आणि दोन रागांच्या प्रहरांविषयी त्याचे आणि माझे अजून एकमत झालेले नाही.