तुम्ही विचारलंत म्हणून: तो खातो काय?

जपानात, नागोयाला आमच्या घरात शिंगवाला भुंगा पाळलाय हे कळल्यापासून गावाकडच्या प्रत्येक फोनवर एकच प्रश्न. "खातो काय रे तो? कलिंगड दे की." नाही देत. कलिंगड, काकडी म्हणजे नुसतं पाणी. अंगी लागत नाही आणि डबा ओलागच्च होऊन चिलटं धरतात. काबुतोमुशी, म्हणजे हा जपानी शिंगवाला भुंगा, रानात कुनुगी ओकच्या सालीतून पाझरणारा आंबूस रस चाटतो. त्याच्या तोंडाशी पिवळसर केसांचा कुंचलाच असतो. म्हणून इथे मिळते ती १६ ग्रॅमची जेलीची वाटी, नाहीतर केळ्याची चकती. मादी अंडी घालणार असेल तर जास्त प्रथिनांची जेली. हो, भुंग्यासाठी विकत आणतो. हसा.

पण तुमचा प्रश्न वर्षभर उशिरा येतो. शिंग केवढं होणार ते अळी असताना पोटात काय गेलं त्यावर ठरतं. एकदा भुंगा झाला की कितीही जेली चारा, तो तसूभर वाढत नाही. अळी खाते कुजवलेला, आंबवलेला लाकडाचा भुसा, आणि राहतेही त्यातच.

गेल्या पावसाळ्यानंतर नवा भुसा घातला आणि रात्री सगळ्या अळ्या वर येऊन पडल्या. उजेड नको असणारा जीव तो, उगाच वर येत नाही. लेक म्हणाली, "बाबा, भूक लागलीय त्यांना." मी हात खुपसला. वर कोमट, खाली चक्क गरम, वास आंबट. भुसा पुन्हा आंबायला लागला होता आणि आतली हवा संपत आली होती. बाल्कनीत वर्तमानपत्रं अंथरून सगळा भुसा पसरला, अळ्या जुन्या भुशात हलवल्या. पांढऱ्या, गुंडाळलेल्या, कुशीवर तपकिरी ठिपक्यांची रांग; ती त्यांची श्वासाची भोकं. दोन अळ्या सकाळपर्यंत काळ्या पडल्या. पिशवीवर 'वापरायला तयार' असं छापलेलं होतं, हे मी अजून भेटेल त्याला ऐकवतो. आता पिशवी आणली की आधी तिला वारा दाखवतो, मगच डब्यात.

हे ऐकून रत्नागिरीचे काका म्हणाले, "म्हणजे हुमणी पाळतोस! आम्ही गायरी, शेणखताचा खड्डा, उपसून मारतो." मारायलाच हवी. गायरीतल्या त्या अळीचाच पुढे आपला गेंड्या भुंगा होतो, आणि तो माडाचा कोवळा कोंब पोखरतो. शाळेत असताना मीच तारेच्या आकडीने ते ओढून काढायचो आणि मजा वाटायची. त्या पोराशी मी हल्ली मनातल्या मनात भांडतो. माड वाचवत होतो, म्हणतो तो, आणि मला पुढे बोलता येत नाही.

मे महिन्यात गावी जायचंय. लेक गायरीपाशी उकिडवी बसून विचारणार, यांना काय घालता खायला? काका तिथेच असतील, हातात फावडं घेऊन.