फाटका कोट

रविवार, रात्री उशिरा

आत्ताच 'द फँटम कॅरेज' बघून उठले. व्हिक्टर स्योस्ट्रोमचा १९२१ सालचा स्वीडिश मूकपट, सेल्मा लागरलॉफच्या कादंबरीवरचा. वर्षाच्या शेवटच्या रात्री बाराच्या ठोक्याला जो मरेल, त्याने पुढचं वर्षभर मृत्यूचा गाडा हाकायचा, अशी दंतकथा. पाळी येते डेव्हिड होल्म या अट्टल दारुड्यावर. हे काम खुद्द स्योस्ट्रोमनेच केलंय.

कुऱ्हाडीने दार फोडण्याच्या प्रसंगाचं सगळे कौतुक करतात. माझ्या डोक्यातून मात्र तो कोट जात नाही. साल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवासंस्थेच्या नव्या निवाऱ्यात डेव्हिड रात्रीपुरता येऊन पडतो. तिथली सेविका सिस्टर ईडिट त्याचा फाटका, रोगट कोट रात्रभर जागून शिवते. सकाळी हा तिला मुद्दाम बोलावून घेतो आणि तिच्यादेखत एकेक ठिगळ उसवून टाकतो. रागाच्या भरात नाही, अगदी सावकाश. कुणीतरी आपल्यासाठी जागलं, हेच त्याला सोसत नसावं. त्याच्या मनातली सगळी ओढाताण मला त्या बोटांत दिसली. मधली संवादाची पाटी नसती तरी चाललं असतं. आणि त्याच कोटापायी ईडिटला क्षय होतो.

कॅमेरा यूलियुस येन्झोनचा. आरपार दिसणारे आत्मे दाखवायला हाताने फिरवायचा कॅमेरा, तीच फिल्म मागे गुंडाळून पुन्हा तिच्यावरच चित्रण; वेग जरा चुकला की सगळं मुसळ केरात! फाळके त्याच काळात अशा करामती देवांच्या चमत्कारांसाठी वापरत होते. इथे मात्र आरपार दिसणारा डेव्हिड स्वतःच्याच निपचित देहाशेजारी उभा राहतो, बस्स. स्वतःकडे तिऱ्हाइतासारखं बघायची त्याची ही पहिलीच वेळ.

स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमन हा चित्रपट दरवर्षी बघायचा. १९५७च्या 'वाइल्ड स्ट्रॉबेरीज'मध्ये त्याने म्हाताऱ्या स्योस्ट्रोमलाच मुख्य भूमिकेत घेऊन पुन्हा गतायुष्यात डोकवायला लावलं. तो आता मिळवून बघायला हवा.

शेवट मात्र घाईचा वाटला. बायको अ‍ॅना मुलांसकट विष घ्यायला निघालीय हे दिसल्यावर डेव्हिड कळवळतो, पुन्हा देहात परतून भानावर येतो, घराकडे धावतो. त्याचं रडणं खरं आहे, त्याबद्दल शंकाच नाही. पण मुलांना क्षय लागेल म्हणून ती काकुळतीला आली होती, तेव्हा यानेच तिला धुडकावलं होतं ना? तिने एवढ्यात विश्वास का ठेवावा? त्याच्या पापांसाठी इतकी रिळं खर्ची घातली, तिच्या बाजूने निदान एखादं तरी हवं होतं.