जागेचा प्रश्न

काळा घोडा परिसरातील कलादालने पाहायला कोणी ओळखीचे आले, की मी त्यांच्यासोबत जाते. निवृत्तीनंतर मी हा नेम ठेवला आहे. दोन-तीन दालने पाहून झाली, की बहुतेक जण एकच प्रश्न विचारतात. स्वातंत्र्यानंतरच्या ज्या चित्रकारांना आपण मुंबईचे म्हणून अभिमानाने मिरवतो, त्यांच्या चित्रांत मुंबई कुठे आहे? बोरीबंदर नाही, ट्राम नाही, पावसात तुंबलेला हिंदमाता नाही. मग ही चित्रे या शहराची कशी म्हणायची? तुम्हीही तेच विचारलेत, आणि फूटपाथवर उभ्याउभ्या दिलेले उत्तर अर्धवटच राहिले, म्हणून हे सविस्तर लिहीत आहे.

फोर्टमधील एका वास्तुविशारदांच्या कार्यालयात मी बत्तीस वर्षे नकाशे काढले. ट्रेसिंग पेपरवर भिंत म्हणजे दोन समांतर रेघा. नऊ इंची भिंत साडेचार इंची केली, की कोणाच्या तरी खोलीत कपाट मावते, हे या कामात शिकले. त्यामुळे चित्रासमोर उभी राहिले तरी माझे पहिले लक्ष जागेकडे जाते. आपल्या भाषेत हा शब्द किती कामे करतो पाहा. मुंबईत ‘जागा घेतली का?’ असे विचारले, तर घराबद्दल विचारले असे समजायचे; लोकलमध्ये रुमाल टाकून जागा धरायची, नाहीतर तिघांच्या बाकावर ‘चौथी सीट’ म्हणून अर्धवट टेकायचे; आणि गवई एखादी सुंदर जागा घेतो, तेव्हा आपण मान डोलावतो. चित्रकाराची जागा आणि भाडेकरूची जागा या शहरात एकमेकींपासून फार दूर नव्हत्या, असे मला वाटते, आणि माझे उत्तर तिथूनच सुरू होते.

1947 साली सूझा, रझा, हुसेन, आरा, गाडे आणि बाकरे या सहा जणांनी प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप हा आधुनिक कलावंतांचा गट स्थापन केला. त्याच वर्षी मुंबईत भाडेनियंत्रणाचा कायदा आला. युद्धकाळात कामासाठी आलेल्या माणसांनी शहर आधीच भरले होते, त्यात फाळणीनंतर निर्वासितांची भर पडली. भाडी गोठली आणि खोलीचा खरा भाव पागडीत, म्हणजे खोली घेताना आगाऊ मोजायच्या रकमेत, मोजला जाऊ लागला. हे सहा जण त्याच गर्दीतले होते. आरा लहानपणी घरगडी म्हणून या शहरात वाढले. हुसेन सिनेमाची होर्डिंग्ज रंगवत, आणि त्याचे पैसे चौरस फुटाच्या हिशोबाने मिळत. त्यांची चित्रे पाहणारी, विकत घेणारी, त्यांवर वर्तमानपत्रांत लिहिणारी पहिली माणसेही युरोपातल्या उलथापालथीनेच इथे आणून सोडली होती. वॉल्टर लँगहॅमर, रुडी फॉन लायडन आणि इमॅन्युएल श्लेसिंगर हे तिघेही नाझी राजवटीमुळे युरोप सोडून मुंबईत आले होते. गोव्यातील साळगावचा मुलगा सूझा, पंढरपुरात जन्मलेला होर्डिंग रंगवणारा हुसेन आणि व्हिएन्नाहून आलेला निर्वासित एका चित्रासमोर उभे राहून वाद घालतात, हे बंदराच्या शहरातच घडू शकत होते.

एक गोष्ट मात्र प्रांजळपणे मान्य केली पाहिजे. यांच्यापैकी रझांनी पावसातली मुंबई जलरंगांत रंगवली, पण एकंदरीत पहिली वीस-पंचवीस वर्षे शहर हा या चित्रकारांचा मुख्य विषय नव्हता. हुसेन यांचे 1955 चे ‘जमीन’ हे गाजलेले चित्र खेड्याचे आहे. सूझा 1949 मध्ये लंडनला गेले, रझा 1950 मध्ये पॅरिसला. म्हणजे तुमची शंका निराधार नाही. परंतु चित्र कशाचे आहे, एवढ्यावर ते कुठले आहे हे ठरत नाही. ते कोणत्या खोलीत, कोणाच्या आवाजात आणि किती उजेडात घडले, यावरही ठरते.

चित्रकार वासुदेव गायतोंडे यांचेच पाहा. त्यांचा जन्म 1924 मध्ये नागपुरात झाला, घराणे गोव्याचे आणि वाढ गिरगावातील चाळीत. मीही गिरगावातच वाढले. दहा बाय बाराच्या खोलीत आम्ही सात माणसे होतो. संध्याकाळी वडील खाटेच्या टोकाला भिंतीकडे तोंड करून बसत. त्यांना कोणी हाक मारीत नसे, कारण भिंतीकडे वळलेला माणूस आपल्या खोलीत गेला आहे, असे चाळीत सर्वांना न सांगता समजत असे. गायतोंड्यांचे पुढे जे चित्र झाले, ते पाहताना मला ही वळलेली पाठ आठवते.

भुलाभाई देसाई मेमोरियल इन्स्टिट्यूट हे वॉर्डन रोडवरील समुद्राकाठचे घर या कथेत फार महत्त्वाचे आहे. तिथे नाममात्र भाड्यात चित्रकारांना काम करायला खोल्या मिळत. गायतोंडे, हुसेन, तय्यब मेहता तिथे रंगवत, नाट्यदिग्दर्शक इब्राहिम अल्काझींची नाटके तिथे बसत, रविशंकरांची सतार तिथे ऐकू येई. गायतोंडे तिथे तासन्‌तास समुद्राकडे पाहत बसत, असे त्यांना ओळखणाऱ्यांनी सांगितले आहे. शहराने दिलेली ती थोडी मोकळी जागा होती आणि शहरानेच ती काढून घेतली. पुढे तिथे उंच इमारत उभी राहिली. 1972 च्या सुमारास गायतोंडे दिल्लीला गेले ते कायमचे.

त्यांचे चित्र जवळून पाहाल, तर आधी रंगाचा पृष्ठभागच दिसेल. रोलरने पसरलेले पातळ थर, पॅलेट-नाइफने खरवडून काढलेला रंग, आणि मधूनच एखाद्या विसरलेल्या लिपीतील अक्षरांसारख्या खुणा. दोन मिनिटे थांबलात, तर त्या थरांच्या मागून उजेड वर येऊ लागतो, भरतीच्या पाण्याखालची वाळू दिसावी तसा. त्यात मुंबई नाही, हे खरे. गायतोंड्यांना झेन या बौद्ध ध्यानपंथाचे आकर्षण होते आणि आपल्या चित्राचा असा शहरी अर्थ त्यांना स्वतःला कदाचित पटला नसता. तरीही, इतकी शांतता इतक्या चिकाटीने थरावर थर देऊन कोण बांधतो, असा विचार केला, तर जिला चार भिंतींत शांतता कधी मिळाली नाही अशी व्यक्तीच माझ्या डोळ्यांसमोर येते.

तय्यब मेहतांकडे शहर दुसऱ्या वाटेने आले. क्रॉफर्ड मार्केटच्या परिसरात वाढलेल्या तय्यबांनी 1947 च्या दंगलीत मोहम्मद अली रोडवरील खिडकीतून जमावाने एका माणसाला ठार मारताना पाहिले. ते दृश्य त्यांनी जन्मभर वागवले. त्यांच्या कोसळणाऱ्या आकृती, पाय बांधलेला बैल, आणि 1969 पासून कॅनव्हास तिरका चिरत जाणारी ती रेषा पाहताना मला रस्ता आणि खिडकी यांच्यातले अंतर जाणवत राहते. माणूस पाहू शकतो, पण खाली जाऊ शकत नाही. पंचेचाळीस वर्षांनी पुन्हा दंगली झाल्या. त्यानंतरच्या काळात घाटकोपरच्या अतुल डोडियांनी दुकानाच्या पत्र्याच्या शटरवर चित्रे काढली. शटर खाली असताना एक चित्र दिसते, ते वर सरकवले की मागे दुसरे. 1993 च्या जानेवारीत रस्ता खडखडाटाने बंद होताना ज्याने ऐकला आहे, त्याला हे शटर समजावून सांगावे लागत नाही.

आणि ज्यांना शहर चित्रात डोळ्यांनीच पाहायचे आहे, त्यांना मी सुधीर पटवर्धनांकडे नेते. 1949 मध्ये पुण्यात जन्मलेले पटवर्धन डॉक्टर होऊन मुंबईत आले, आणि 1975 पासून तीस वर्षे ठाण्यात क्ष-किरणतज्ज्ञ म्हणून काम करीत त्यांनी चित्रे काढली. दिवसभर माणसांची शरीरे आतून पाहणाऱ्याने इराणी हॉटेलातला, लोकलच्या डब्यातला, पुलावरचा माणूस रंगवला. त्यात खांद्याचा थकवा दिसतो, हाताचा जडपणा दिसतो, आणि त्या माणसाची प्रतिष्ठा कुठेही कमी होत नाही. 1981 मध्ये त्यांच्यासह सहा चित्रकारांनी मुंबई आणि दिल्लीत जे प्रदर्शन भरवले, त्याचे नाव होते ‘प्लेस फॉर पीपल’, म्हणजेच माणसांसाठी जागा. पुढच्याच जानेवारीत गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. पटवर्धनांच्या 2001 मधल्या ‘लोअर परळ’पर्यंत येताना गिरणगाव आपल्या डोळ्यांदेखत बदलून गेला होता. त्यांच्या मोठ्या चित्रांत एकच दृष्टिकोन नसतो. एक इमारत वरून दिसते, तिच्या शेजारचा रस्ता समोरून. सरळ नकाशे काढण्यात आयुष्य गेलेल्या मला आधी ते खटकले होते. नंतर कळले, की ठाण्याच्या पुलावरून उतरताना आपण शहर असेच पाहतो.

2019-20 मध्ये मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कलासंग्रहालयात त्यांचे मोठे सिंहावलोकनी प्रदर्शन होते. मी माझ्या शेजारीणबाईंना घेऊन गेले होते. ठाणे ते व्हीटी असा प्रवास त्यांनी नोकरीपायी पंचवीस वर्षे केला आहे, आणि चित्रांतले आपल्याला काही कळत नाही, असे त्या येताना मला दोनदा म्हणाल्या होत्या. गर्दीच्या एका चित्रासमोर त्या थांबल्या. कडेला एका माणसाचे अर्धेच शरीर चौकटीत मावले होते. त्याच्याकडे बराच वेळ पाहून त्या म्हणाल्या, “याला चौथी सीट मिळाली आहे हो.” मग त्यांनी खांद्यावरची पर्स नकळत पुढे, पोटाशी घेतली, डब्यात शिरताना घेतात तशी, आणि त्या चित्राच्या आणखी जवळ गेल्या.