ढगाळ ग्रीसचा कॅमेरामन

ग्रीस म्हटलं की पांढरी घरं, निळा समुद्र आणि लख्ख ऊन. मी मात्र ऐन जानेवारीत उत्तर ग्रीसला गेले ती ढगांसाठी. कॅमेरामन योर्गोस अर्वानितिस यांनी पडद्यावर आणलेला ग्रीस बघायचा तर हेच दिवस.

थेस्सालोनिकीच्या किनाऱ्यावर सकाळी धुकं उतरलं होतं. पाणी कुठे संपतं नि आभाळ कुठे सुरू होतं, कळेना. त्यांनी चित्रित केलेल्या १९८८ च्या ‘लँडस्केप इन द मिस्ट’ या चित्रपटात याच पाण्यातून एक प्रचंड दगडी हात वर येतो, तर्जनी तुटलेली, आणि हेलिकॉप्टर तो शहरावरून उचलून नेतं. भर उन्हात हे दृश्य नुसतं अचाट वाटलं असतं. राखाडी उजेडात पोटात कालवतं.

अर्वानितिस यांचा जन्म १९४१ चा. दिग्दर्शक थिओ अँजेलोपुलोस यांच्याशी त्यांची जोडी जमली ती १९७० च्या ‘रीकन्स्ट्रक्शन’पासून, आणि पुढे जवळजवळ तीस वर्षं टिकली. १९७५ चा ‘द ट्रॅव्हलिंग प्लेयर्स’ पावणेचार तासांच्या वर चालतो, आणि त्यात शॉट आहेत जेमतेम ऐंशी! चित्रण सुरू झालं तेव्हा देशात लष्करी हुकूमशाही होती. नटमंडळी रस्त्यानं चालत राहतात आणि कट न होता काळ १९५२ वरून मागे सरकतो. इतक्या लांब शॉटला ढग किती उपयोगी, हे मला किनाऱ्यावर चालताना पटलं. उन्हात कॅमेरा वळला की चेहऱ्यावरचा उजेड पालटतो, वर क्रेनची सावली चौकटीत येते. आभाळ भरलेलं असलं की चारी दिशांना उजेड सारखा, कॅमेरा हवा तसा फिरवा.

मग बसने फ्लोरिना, उत्तर सीमेजवळचं गाव. इथली थंडी ग्रीसमध्ये प्रसिद्ध आहे, आणि ती हाडांत शिरते. गावातून छोटी नदी वाहते, काठाला जुनी घरं, उतरत्या कौलांवर बर्फ. १९९१ च्या ‘द सस्पेंडेड स्टेप ऑफ द स्टॉर्क’चं चित्रण इथे झालं, तेही स्थानिक बिशपांच्या कडव्या विरोधात. सीमेवरच्या नदीच्या एका तीरावर नवरी, दुसऱ्या तीरावर नवरा, आणि मध्ये पाणी ठेवून लग्न लागतं. कॅमेरा जवळ जातच नाही, आणि मला वाटतं अर्वानितिस यांचं मोठेपण या संयमात आहे. शेवटी पिवळे रेनकोट घातलेली माणसं तारांच्या खांबांवर चढतात. फ्लोरिनात एका दुकानाबाहेर दोरीवर वाळलेल्या लाल मिरच्यांच्या माळा दिसल्या. भोवतीच्या करड्या रंगात तो लाल डोळ्यांत भरला, आणि त्या पिवळ्याची जादू तेव्हा उमगली.

१९९८ मध्ये अँजेलोपुलोस यांच्या ‘इटर्निटी अँड अ डे’ला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात पाम दोर हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्याचं छायालेखन अर्वानितिस यांनी आंद्रेआस सिनानोस यांच्यासोबत केलं. फ्रान्समध्ये दिग्दर्शिका कात्रीन ब्रेया यांच्यासाठीही त्यांनी चित्रपट केले, तिथला उजेड अगदी वेगळा, बंद खोल्यांतला.

जाणार असाल तर जाड बूट घ्या, आणि निघण्याआधी ‘ट्रॅव्हलिंग प्लेयर्स’ एका बैठकीत बघा.