तिसऱ्या हनुक्क्याला जमलेल्या सुफगानियोत

इस्रायलमधल्या दिमोनाला राहायला आल्यावर पहिली काही वर्षे हनुक्का या आमच्या ज्यू सणाच्या सुफगानियोत मी बेकरीतूनच आणत असे. ठाण्याला आई या सणाला गुळगुळे तळीत असे आणि जॅम भरलेला हा फुगीर गोळा आमच्या घरात कोणी पाहिलाही नव्हता. कोकणात आम्हा बेने इस्राएलांना, म्हणजे मराठी ज्यूंना, शनवार तेली म्हणत, कारण आमचे पूर्वज घाण्यावर तेल काढीत आणि शनिवारी घाणा बंद ठेवीत. गंमत अशी, की एका दिवसाचे तेल मंदिरात आठ दिवस जळल्याच्या चमत्काराचा हा सण मात्र, बाहेरच्या ज्यूंशी संबंध येईपर्यंत, त्या तेल्यांना ठाऊकच नव्हता.

घरी करायचे ठरवले तेव्हा पहिला प्रश्न दुधाचा आला. सणाच्या जेवणात मटण असते आणि आमच्या धर्मात त्यानंतर दूध-लोण्याचे काही चालत नाही. इथल्या बायका कणीक पाण्यात किंवा संत्र्याच्या रसात भिजवतात. मी आमच्या सवयीप्रमाणे नारळाचे दूध घेतले. अर्धा किलो मैदा, दहा ग्रॅम कोरडे यीस्ट, सत्तर ग्रॅम साखर, दोन अंड्यांचे बलक, चिमूटभर मीठ, लिंबाची किसलेली साल आणि मावेल तेवढे कोमट नारळाचे दूध, एवढेच साहित्य. रक्ताचा ठिपका असलेले अंडे आम्हाला चालत नाही, म्हणून प्रत्येक अंडे आधी काचेच्या वाटीत फोडून पाहायचे. नारळाच्या दुधातच स्निग्धांश असल्यामुळे वरून दोन चमचे तेल पुरते, हे मला पहिला तेलकट घाणा काढल्यावर उमगले.

पहिल्या वर्षी चूक झाली ती पुरीच्या सवयीने. पिठाची गोळी टाकताच ती झटकन वर आली, म्हणजे तेल तयार, असे समजून मी सोडत गेले. बाहेरून मिनिटभरात तांबूस झालेले गोळे आत कच्चेच राहिले. पुरी पातळ असते, हा गोळा दोन बोटे जाड असतो, एवढी साधी गोष्ट माझ्या लक्षात आली नव्हती. त्यानंतर मी तेलात बुडवायचा तापमापक आणला आणि १७० अंशांच्या आसपास आच ठेवू लागले.

दुसऱ्या वर्षी तेल बरोबर होते, पण वेळ चुकली. या सणात रोज संध्याकाळी लावलेले दिवे जळत असतात तो निदान अर्धा तास बायकांनी काम करू नये, अशी रीत आहे आणि आई ती कसोशीने पाळते. मी गोळे दुसऱ्यांदा फुगायला ठेवून दिवे लावले, आईबरोबर बसले, आणि उठून पाहते तो गोळे पसरून चपटे झालेले. उचलायला गेले तर बोटांखाली त्यांतली हवाच गेली. त्या दिवशी आम्ही गोड चकत्या खाल्ल्या आणि आईने एका शब्दानेही काही म्हटले नाही, तेच मला जास्त लागले.

तिसऱ्या वर्षी मी उलटा हिशेब मांडला: दिवे विझण्याच्या वेळेपासून मागे मोजत कणीक भिजवली. इथल्या नेगेव वाळवंटातल्या डिसेंबरच्या थंडीत ओटा बर्फासारखा असतो, म्हणून पातेले बंद ओव्हनमध्ये गरम पाण्याच्या भांड्याशेजारी ठेवले. दीड तासात कणीक दुप्पट झाली. ती लाटून पेल्याने गोल कापले आणि प्रत्येक गोल बेकिंग पेपरच्या चौकोनी तुकड्यावर ठेवला, कारण फुगलेल्या गोळ्याला हात लावायचाच नाही. कागदासकट तेलात सोडायचा, कागद आपोआप सुटतो, तो चिमट्याने उचलून घ्यायचा. तळण्याजोगा झाला की नाही, हे बोटाने कळते: हलके दाबल्यावर खळगा पडतो आणि सावकाश, अर्धाच भरून येतो.

पहिला गोळा उलटला तेव्हा त्याच्या कमरेभोवती फिकट पांढरा पट्टा उमटलेला दिसला. नीट फुगलेला गोळा तेलावर अर्धा तरंगतो, म्हणून मधला भाग तेलाबाहेर राहतो. तो पट्टा पाहून मी आईला स्वयंपाकघरात हाक मारली. निवल्यावर बाजूने लांब नळीच्या पिशवीने स्ट्रॉबेरीचा जॅम भरला. पिठीसाखर मात्र ताटात वाढतानाच भुरभुरावी, आधी घातली तर ती ओली होऊन चिकटते.

सकाळपर्यंत या सुफगानियोत वातड होतात. म्हणून आता आठ दिवसांपैकी दोनच संध्याकाळी, तेही अर्ध्याच किलोच्या करते, आणि बाकीच्या दिवशी आईचे गुळगुळे असतात.